गणपतराव देशमुखांच्या अकरा विजयांचा हिशेब

मा. संपादक,
स. न. वि. वि.

विधानसभा निवडणूक जवळ आली की ‘विक्रमवीर आमदार’ अशा मथळ्यांखाली सांगोल्याचे गणपतराव देशमुख हमखास आठवले जातात. मजकूर ठरलेला असतो: अकरा वेळा आमदार, देशातला विक्रम, एसटीने प्रवास, साधी राहणी. यातला देशातल्या विक्रमाचा दावा चुकीचा आहे. कारकिर्दीची वर्षेही सहसा चुकीची छापली जातात. आणि ज्या कामासाठी दुष्काळी पट्ट्यातली माणसे त्यांना ‘आबासाहेब’ म्हणत, त्याला एखादी ओळही मिळत नाही. म्हणून हे पत्र.

आधी मोजणी करू. ते सांगोल्यातून निवडून आले 1962, 1967, 1974, 1978, 1980, 1985, 1990, 1999, 2004, 2009 आणि 2014 साली. हे अकरा विजय झाले. त्यातला 1974 चा विजय पोटनिवडणुकीतला. फक्त सार्वत्रिक निवडणुकांच्या निकालांवरून यादी करणाऱ्याला तो सापडत नाही, मग बेरीज दहावर अडते. उलट 1962 पासून 2019 पर्यंत सरसकट मोजले की 57 वर्षे होतात. पण 1972 आणि 1995 असे दोन पराभव मध्ये आहेत. 1972 ते 74 आणि 1995 ते 99 ही वर्षे वजा केली की साधारण 51 उरतात. लेखांत कुठे 54 दिसतात, कुठे 55. सभागृहाबाहेरची वर्षे नीट वजा होत नाहीत, असे दिसते.

आता विक्रम. केरळमधील पाला मतदारसंघातून के. एम. मणी तेरा वेळा निवडून आले. त्यातली 1965 ची विधानसभा कधी भरलीच नाही. तो विजय सोडला तरी एकाच मतदारसंघातून बारा विजय उरतात. ओमन चंडी पुथुपल्लीतून बारा वेळा जिंकले. एम. करुणानिधी तेरा वेळा आमदार झाले, पण त्यांनी मतदारसंघ अनेकदा बदलले. तेव्हा ‘देशातला विक्रम’ लिहू नये. शेतकरी कामगार पक्ष (शेकाप) या छोट्या, बहुतेक काळ विरोधात बसलेल्या पक्षाच्या चिन्हावर एकाच तालुक्याने अकरा वेळा निवडून देणे ही गोष्ट तशीही पुरेशी मोठी आहे.

विरोधी बाकांचा हा मुद्दा मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. गणपतराव मंत्री झाले ते दोनदाच. एकदा जुलै 1978 मध्ये आलेल्या, शरद पवारांच्या पुरोगामी लोकशाही दलाच्या (पुलोद) सरकारात. ते सरकार फेब्रुवारी 1980 मध्ये बरखास्त झाले. दुसऱ्यांदा 1999 मध्ये विलासराव देशमुखांच्या मंत्रिमंडळात. शेकापने 2002 मध्ये त्या सरकारचा पाठिंबा काढून घेतला. म्हणजे 51 वर्षांत सत्तेची वर्षे चार-साडेचार. उरलेल्या काळात हाताशी काय होते? तारांकित प्रश्न, लक्षवेधी, अर्धा तास चर्चा, मागण्यांवरच्या कपात सूचना. मंत्र्याने सभागृहात शब्द दिला की तो आश्वासन समितीच्या नोंदीत जातो आणि पुढच्या अधिवेशनात त्याचा जाब विचारता येतो. नियमावली तोंडपाठ असलेला विरोधी आमदार काम काढून घेतो ते असे, चिवटपणे, अधिवेशनामागून अधिवेशन. त्यांच्या भाषणांच्या नोंदी विधिमंडळाच्या कार्यवाहीत आहेत. लेख लिहिणाऱ्यांनी त्या उघडाव्यात.

आणि पाणी. सांगोला पर्जन्यछायेत. कृष्णा वाहते ती पश्चिमेला, सखल भागातून. मध्ये खानापूर-आटपाडीचे पठार. त्यामुळे कालवा खणून पाणी येणार नाही, ते टप्प्याटप्प्याने उपसूनच आणावे लागते. 1993 मध्ये नागनाथअण्णा नायकवडींच्या पुढाकाराने आटपाडीत तेरा दुष्काळी तालुक्यांची पाणी परिषद सुरू झाली, तिच्यात गणपतराव पहिल्यापासून होते. कृष्णेच्या पाणीवाटपासाठी नेमलेल्या बच्छावत लवादाने महाराष्ट्राला दिलेले 560 टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी मे 2000 पर्यंत अडवायचे होते. त्या घाईत 1996 साली कृष्णा खोरे महामंडळ स्थापन झाले. कऱ्हाडजवळच्या टेंभू उपसा योजनेचे पाणी सांगोल्यातून वाहणाऱ्या माण नदीत पडते, त्यामागे या परिषदेचा वर्षानुवर्षांचा रेटा आहे. पंप बसले तरी प्रश्न मिटत नाही. वीजबिल थकले की पंप बंद, आणि ऐन उन्हाळ्यात पात्र कोरडे. पुढे बिलाचा 81 टक्के भार शासनाने आणि 19 टक्के शेतकऱ्यांनी उचलायचे ठरले. डाळिंबाची बाग ज्याची या पाण्यावर उभी आहे, त्याला हे टक्के कुठल्याही विक्रमाच्या आकड्यापेक्षा जवळचे आहेत.

पराभवांबद्दलही लिहायला हवे. 1995 मध्ये गणपतराव शहाजीबापू पाटलांकडून अवघ्या 192 मतांनी हरले. 2019 मध्ये ते स्वतः थांबले, नातू अनिकेत देशमुख उभे राहिले आणि त्याच शहाजीबापूंकडून 768 मतांनी पडले. 2024 मध्ये दुसरे नातू बाबासाहेब देशमुख यांनी जागा परत मिळवली. मते कुठे सरकली हे पाहायचे तर केंद्रनिहाय निकालाचा नमुना 20 घ्यावा. मात्र केंद्रांचे क्रमांक दर निवडणुकीत बदलतात; क्रमांकाला क्रमांक लावला तर तुलना फसते. केंद्रांच्या यादीवरून आधी गाव जुळवावे लागते. शिवाय 2009 पासून मतदारसंघाची हद्द बदलून पंढरपूर तालुक्यातली काही गावे सांगोल्यात आली, म्हणून 2004 चे आकडे 2009 शेजारी जसेच्या तसे ठेवता येत नाहीत.

एसटीतल्या आमदारांच्या राखीव आसनावर खरोखर बसणारा हा माणूस होता, त्याबद्दल आदर आहेच. पुढच्या 30 जुलैला, त्यांच्या स्मृतिदिनी, आपण लेख छापणार असाल तर एसटीचे छायाचित्र जरूर घ्यावे. सोबत पाणीप्रश्नावरचे त्यांचे सभागृहातले एक भाषण, तारखेसह, पूर्ण छापावे ही विनंती.

आपला,
एक वाचक, सोलापूर