खिसा उजवीकडे

कराड,
2 जून 2025

प्रिय दिन्या,

पत्रास कारण की, मी तुझा सिनेमा चोरून बघितला होता. तुझं पहिलं मोठं काम, ज्याच्या साउंडसाठी तू चार महिने गोरेगावच्या त्या खोलीत पंख्याशिवाय बसला होतास, तो. तू फोनवर विचारलंस, ‘बघितलास का?’ मी म्हणालो, ‘बघितला, झकास आहे.’ थिएटरात की कुठं, हे तू विचारलं नाहीस आणि मीही सांगितलं नाही. कुणीतरी लिंक पाठवली होती, मोबाइलवर बघितला. पंख्याच्या आवाजात तुझा आवाज ऐकला, म्हण हवं तर. एवढी वर्षं हे पोटात ठेवलं होतं. आता का ओकतोय, तर मे महिन्यात घरी एक प्रकार घडला.

सुट्टीला सगळे जमले होते. आम्ही धरून चौदा माणसं. सगळ्यात लहान माझा पाच वर्षांचा नातू, सगळ्यात थोरली आई, ऐंशी ओलांडलेली. रात्री जेवणं झाल्यावर पुतण्या म्हणाला, काका, यूट्यूबवर अख्खा पिक्चर आहे, फुकट. नवा, सहकुटुंब बघायचा म्हणून गाजलेला. शेंगा भाजून आणल्या, टीव्हीपुढं सतरंज्या टाकल्या आणि लावला.

पंधरा मिनिटंसुद्धा झाली नसतील. आमचे मामा, जन्मभर शिंपीकाम केलेले, एकदम म्हणाले, ‘ह्या हिरोचा शर्ट कुणी शिवलाय रं? खिसा उजवीकडं!’ सगळे हसले. मग आई म्हणाली, ‘आणि हिनं पदर उजव्या खांद्यावर का घेतलाय? गुजराती दाखवायचीय का?’ नंतर हिरो डाव्या हातानं जेवायला बसला आणि मागं किराणा दुकानाची पाटी अक्षरशः उलटी दिसली. आरशातला पिक्चर होता तो! आवाजसुद्धा थोडा पळवलेला, सगळी माणसं घाईत असल्यासारखी बोलत होती. (तुझी आठवण पहिल्यांदा आली ती तेव्हा.)

पुतण्याला हे ठाऊक होतं. तो शांतपणे म्हणाला, काका, यूट्यूबकडं एक यंत्रणा असते, मालकाच्या सिनेमाशी जुळणारं काही कुणी चढवलं की ओळखते. मग मालक ते काढायला लावतो नाहीतर त्यावरच्या जाहिरातीचे पैसे स्वतः घेतो. त्या यंत्रणेला चकवायला चित्र उलटं करतात, कडा कापतात, वेग वाढवतात. थोडक्यात, मामांनी खिशावरून चोर पकडला होता. मी बंद केला. पोरं चिडली. आणि पुतणी, जी यंदा अकरावीला जाणार आहे, ती म्हणाली, ‘काका, फुकट म्हटलं की चोरीचंच असणार. नाहीतर उद्या फुकट आणि रीतसर, दोन्ही जमवून दाखवा.’

आता हे आव्हानच झालं की नाही? दुसऱ्या दिवशी दुपारभर मी चष्मा लावून बसलो. वर्गणीसाठी पैसे नाहीत असं नव्हतं रे, पण एकेका सिनेमासाठी एकेका ठिकाणी महिन्याचे पैसे भरायचे आणि मग तिकडं फिरकायचं नाही, याला कंटाळलो होतो.

पहिला धडा हा, की यूट्यूबवरच मालकांनी स्वतः टाकलेले सिनेमे मुबलक आहेत. राजश्री, शेमारू, अल्ट्रा अशा जुन्या कंपन्यांची स्वतःची चॅनेलं आहेत, मराठीची वेगळीसुद्धा. खरं-खोटं ओळखायला मी काय करतो सांगतो. आधी कंपनीची वेबसाइट उघडतो आणि तिथून त्यांच्या चॅनेलवर जातो, उलटं नाही. मग सिनेमाच्या सुरुवातीचं सेन्सॉरचं सर्टिफिकेट बघतो. त्यावर लांबी लिहिलेली असते, ती मिनिटांत असेल तर व्हिडिओच्या वेळेशी ताडून पाहायची. सर्टिफिकेटच कापलेलं असेल तर मी तिथंच उठतो. नातवामुळं सर्टिफिकेटचा आणखी एक उपयोग समजला. 2024 च्या नियमांपासून यूए, म्हणजे लहानांना मोठ्यांच्या सल्ल्यानं दाखवायच्या सिनेमांचे, तीन भाग केलेत, 7, 13 आणि 16 वर्षांचे. त्याहून लहानांना दाखवायचं की नाही हे घरच्यांनी ठरवायचं. आमचा गडी सातच्या खाली, म्हणून त्याला मी फक्त यू ठेवलं.

मग प्रसार भारतीचं वेव्हज नावाचं अ‍ॅप. नोव्हेंबर 2024 मध्ये गोव्याच्या इफ्फी या चित्रपट महोत्सवात सुरू झालं. दूरदर्शनचं जुनं सामान तिथं आहे, बरंचसं फुकट. आणि अ‍ॅमेझॉनचा एमएक्स प्लेअर, जाहिराती बघायच्या आणि पैसे द्यायचे नाहीत, असा सरळ सौदा. जाहिरात लागली की पोरं कुरकुरतात, पण आईला काही वाटलं नाही. ती म्हणाली, ‘आमच्या वेळी रीळ बदलायला थांबायचे, तसंच.’

जाहिरातीच्या पैशाचं मी तुझ्या नजरेनं बघायला लागलोय. मोठ्या व्हिडिओवरच्या जाहिरातींतून यूट्यूब 55 टक्के चॅनेलवाल्याला देतं. त्यातलं तुला काही नाही, हेही मला माहीत आहे. कॉपीराइट कायद्याच्या 2012 च्या दुरुस्तीनं गीतकार-संगीतकारांना रॉयल्टीचा हक्क पक्का केला, साउंडवाल्याचं नाव त्यात कुठं आहे? पण निर्मात्याच्या खिशात गेलं तर पुढच्या सिनेमात तुझी खोली तरी वातानुकूलित होईल.

दुसरा रस्ता मला जास्त आवडला, हक्काची मुदत संपलेले जुने सिनेमे. आपल्या कायद्यात सिनेमाचा हक्क प्रदर्शनानंतर 60 वर्षं टिकतो, पुढच्या 1 जानेवारीपासून मोजायची. आधी 50 च होती. टागोर 1941 ला गेले, त्यांच्या पुस्तकांचा हक्क 1991 अखेर संपत होता आणि त्यांच्या विश्वभारती संस्थेचं उत्पन्न जाणार म्हणून दहा वर्षं वाढवली. म्हणजे गुरुदेवांच्या कृपेनं सिनेमेसुद्धा दहा वर्षं जास्त कुलुपात राहिले! हिशोबानं 1964 पर्यंतचे सगळे 2025 च्या सुरुवातीला मोकळे झाले. त्यातही मेख आहे. पटकथा, गाणी, संगीत यांचा हक्क वेगळा, लिहिणाऱ्याच्या मृत्यूनंतर 60 वर्षं. ‘श्यामची आई’ 1953 चा, सिनेमा म्हणून मोकळा, पण तो काढणारे लेखक अत्रे 1969 ला गेले, त्यामुळं त्यांचं लिखाण 2029 अखेरपर्यंत बांधलेलं. म्हणून ‘जुना आहे, घ्या’ असं म्हणून मी स्वतः काही कुठं चढवायच्या भानगडीत पडत नाही.

बहीण न्यू जर्सीहून व्हिडिओ कॉलवर हे ऐकत होती. तिकडं म्हणे गावच्या लायब्ररीचं कार्ड असलं की कॅनोपी नावाच्या अ‍ॅपवर सिनेमे फुकट. लायब्ररी त्यांना पैसे देते. आपल्या वाचनालयात मासिकांच्या वर्गणीची मारामार, कार्डावर सिनेमा कुठला! पण तिकडं जुन्या सिनेमाची मुदत 95 वर्षं आहे, एवढं म्हणून मी तिला गप्प केलं.

शेवटी काय लावलं? प्रभातचा ‘संत तुकाराम’. 1936 चा. पोरांनी आधी नाकं मुरडली, काळा-पांढरा म्हणून. पण विष्णुपंत पागनीसांचा आवाज सुरू झाला आणि आई सोबत म्हणू लागली, तेव्हा दोन पोरं सरकून तिच्याजवळ गेली. खरी बाजी मारली जिजाईनं. ते काम केलेली गौरी भांडते काय, रागावते काय, देवालासुद्धा सोडत नाही. पुतणी म्हणाली, ‘हिचंच खरं आहे, घर कोण चालवणार?’ नातू शेवटच्या विमानापर्यंत जागा होता. सिनेमा 1937 ला व्हेनिसला गाजला होता, हे सांगितलं तर कुणी मान वर केली नाही. आवाज खरखरतो. तू असतास तर साफ करायला बसला असतास आणि आईनं तुला हाणलं असतं.

शेजारचे लगेच म्हणाले, गणपतीत चौकात पडदा लावून दाखवू. मी म्हटलं, यूट्यूब घरात बघायला आहे, आणि सिनेमा मोकळा असला तरी त्यातल्या गाण्या-संगीताचा हक्क कुणाकडं असेल तर चौकात लावायला त्याची परवानगी हवी. त्यांना मी अतिशहाणा वाटलो. वाटू दे.

पुतण्याला मात्र मी कायदा वाचून दाखवला. सिनेमॅटोग्राफ कायद्याच्या 2023 च्या दुरुस्तीनंतर सिनेमाची चोरटी नक्कल करणाऱ्याला कमीत कमी 3 महिने आणि जास्तीत जास्त 3 वर्षं कैद, दंड 3 लाखांपासून पुढं. तो म्हणाला, ‘काका, तुम्ही कधी बघितलाच नाही का चोरीचा?’ सगळ्यांसमोर. मी पाणी प्यायला उठलो.

त्याच रात्री, सगळे झोपल्यावर, तुझा सिनेमा शोधला. निर्मात्यांच्या स्वतःच्या चॅनेलवर आहे, अख्खा, फुकट, जाहिरातींसकट. टीव्हीला इअरफोन लावून बघितला. विहिरीच्या प्रसंगात दोर ओढताना जो आवाज येतो तो मी आधी कधी ऐकलाच नव्हता. ते तू कसं केलंस रे? आणि संपल्यावर नावं सरकायला लागली. मोबाइलवरच्या त्या कॉपीत शेवट कापलेला होता, त्यामुळं तुझं नाव मी आजवर पडद्यावर बघितलंच नव्हतं. ते येईपर्यंत बसलो. मागं आई कधी येऊन उभी राहिली कळलं नाही. म्हणाली, ‘थांबव, थांबव, वाचू दे.’ टीव्ही थांबवून फोटो काढला, सोबत पाठवतोय. माझ्या डोक्याची सावली आलीय, तिकडं दुर्लक्ष कर.

एक विचारायचं होतं. तुझ्या आडनावातली वेलांटी चुकवलीय त्यांनी. तुला ठाऊक होतं?

तुझा,
बापू