तक्रारीत नणंदेचं नाव घालायला नको होतं

मा. संपादक,
स.न.वि.वि.

हुंडा छळाच्या केसेस खोट्याच असतात, बायका ४९८-अ चा, म्हणजे सासरच्या छळाविरुद्धच्या कलमाचा, गैरवापर करतात, असं हल्ली रोज कुठे ना कुठे वाचायला मिळतं म्हणून एका मुलीचा बाप लिहितोय. माझ्या मुलीची केस खोटी नाही. पण त्या केसमध्ये एक खोटं घातलं गेलं आणि ते मी घालायला लावलं, हे आधी कबूल करतो.

मुलगी घरी परत आली तेव्हा तिच्याकडे एक वही होती. पाडव्याच्या दिवशी नवऱ्याने गाडीसाठी माहेरून दोन लाख आण म्हणून हात पिरगळला, गौरीजेवणाच्या आदल्या दिवशी सासूने दागिन्यांचा डबा ठेवायला म्हणून घेतला तो परत दिलाच नाही, असं सगळं तारखेसकट लिहिलेलं. ती वही घेऊन आम्ही तक्रार द्यायला गेलो आणि टाइप काय झालं तर "सर्व आरोपींनी संगनमत करून फिर्यादीचा वेळोवेळी शारीरिक व मानसिक छळ केला". पाडवा नाही, डबा नाही. वर ओळखीतल्या एका वकिलाने सांगितलं की नणंदेचं पण नाव टाका, प्रेशर येतं, सेटलमेंट लवकर होते. नणंद नागपूरला असते, लग्नानंतर दोनदा आली असेल. मुलगी नको नको म्हणत होती, मीच म्हणलं टाक, डोकं तापलेलं होतं माझं.

नणंद मुंबईला हायकोर्टात गेली, चार्जशीटला स्थगिती मिळाली आणि त्यात दोन वर्षं गेली. शेवटी तिचं नाव निघालं, निघायलाच हवं होतं. नातेवाइकांवर नुसते मोघम आरोप असतील, कोणी काय केलं ते स्पष्ट नसेल तर त्यांना खटल्यात ओढू नका, हे सुप्रीम कोर्टाने फेब्रुवारी २०२२ मध्ये आणि परत डिसेंबर २०२४ मध्ये सांगितलंय. पण त्या दोन वर्षांत समोरचे वकील जिथे तिथे हेच बोलायचे, नागपूरच्या बहिणीला पण गोवलं, मग बाकीचं तरी खरं कशावरून.

त्यात ४९८-अ आणि डीव्हीची (कौटुंबिक हिंसाचाराची) केस मॅजिस्ट्रेटकडे, घटस्फोटाची फॅमिली कोर्टात. एक तारीख सोमवारी, दुसरी गुरुवारी. मुलगी नोकरी करते, तिने रजा तरी किती काढायच्या? शिवाजीनगर कोर्टात सकाळपासून बसायचं आणि दुपारी कळतं साहेब रजेवर आहेत.

सुप्रीम कोर्टाच्या २०१४ च्या अर्नेशकुमार निकालापासून या कलमात सरसकट अटक होत नाही, ते मला मान्य आहे, कुणाच्या म्हाताऱ्या आईवडिलांना उगाच आत टाकू नये. पण तक्रारीनंतर दोन महिने अटक वगैरे काही नाही, आधी फॅमिली वेल्फेअर कमिटी बघेल, ही अलाहाबाद हायकोर्टाची पद्धत सुप्रीम कोर्टाने जुलै २०२५ मध्ये उचलून धरली ते मला पटत नाही. अशाच कमिट्या २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टानेच काढून टाकल्या होत्या ना? जिचा हात खरंच पिरगळलाय तिने दोन महिने कुठे जायचं? खरं खोटं निवडायचं तर ते तक्रार लिहून घेतानाच निवडा. कोण, कधी, काय बोललं, काय नेलं, बाई सांगते तसं तिच्या शब्दात लिहा आणि ज्याच्याबद्दल ती काहीच सांगत नाही त्याचं नाव घालू नका. आणि एकाचं प्रकरण हायकोर्टात गेलं म्हणून बाकीच्यांची केस थांबवू नका, एवढं कोर्टाला नक्कीच करता येईल.

पुढच्या महिन्यात मुलीची साक्ष आहे. वही तिने जपून ठेवलीये. पण आमचे आत्ताचे वकील म्हणाले की उलटतपासणीत पहिला प्रश्न हाच येईल, पाडव्याचं आणि डब्याचं तुम्ही तक्रारीत का नाही सांगितलं. ती रात्री मला विचारते, बाबा काय उत्तर देऊ.

आपला,
एका मुलीचे वडील, कोथरूड, पुणे