बंब काढण्याआधी

पुणे

तीर्थरूप बाबा आणि आई यांना साष्टांग नमस्कार.

बंब काढून न्हाणीत टाकी नसलेला, नळ सोडताच पाणी तापवणारा गीझर बसवायचा, असे बाबांनी परवा फोनवर सांगितले, तेव्हा मला फार बरे वाटले. गुडघे दुखत असतानाही आई पहाटे उठून जळण लावते, हे मला कित्येक वर्षे खुपत आले आहे. तरीही खानापूरला दुकानात जाण्याआधी हे पत्र सावकाश वाचावे, ही विनंती, कारण शहरातल्या नळाच्या पाण्यावर नीट चालणारा गीझर आपल्या घरच्या पाण्यावरही तसाच चालेल, असे गृहीत धरता येत नाही.

परसातला आड जांभ्यात खणलेला आहे आणि त्याच्या पाण्यात साबणाला भरपूर फेस येतो. बोअर मात्र खाली काळ्या दगडात गेली आहे. बंब घासताना आई खरवडून काढते ते पांढरे कवच त्या जड पाण्याचेच आहे. पाण्यात विरघळलेले कॅल्शियमचे बायकार्बोनेट तापले की मोडते आणि त्याचे न विरघळणारे कार्बोनेट भांड्याला धरते. बंबाचे पोट मोठे असल्यामुळे असे थर बसूनही तो चालत राहिला. या गीझरमध्ये पाणी बारीक नळीतून जाते. तिथे तेच कवच धरले की धार मंदावते, आच पाण्यापर्यंत पोहोचत नाही आणि शेवटी नळीच खराब होते. म्हणून दोन्ही मोटारींचे पाणी एकाच टाकीत न सोडता गीझरसाठी आडाच्या पाण्याची लहानशी वेगळी टाकी ठेवावी. एप्रिल-मे महिन्यांत आड तळाला गेला तर बोअरचे पाणी घ्यावे लागेल, पण त्या दिवसांत गरम पाणी लागतेच किती? पावसाळ्यात आडाला लाल गढूळपणा येतो, त्यासाठी टाकीतून पाणी घेणारा पाइप तळापासून वीतभर वर असावा आणि गीझरच्या तोंडाशी जाळीचा फिल्टर लावावा.

विजेचा की गॅसचा, याचाही मी हिशेब केला. ३ किलोवॅटचा विजेचा गीझर २० अंशांचे पाणी ४० अंशांवर नेताना मिनिटाला जेमतेम दोन लिटर देतो, म्हणजे बादली भरायला आठ-दहा मिनिटे लागतात. त्यातच संध्याकाळी व्होल्टेज २३० वरून १८० वर उतरले की त्याची ताकद १.८ किलोवॅटच उरते. मिनिटाला ६ लिटर देणारा गॅसचा गीझर बॅटरीच्या ठिणगीवर पेटतो, त्यामुळे वीज गेली तरी तो चालतो. माझे मत गॅसच्या बाजूने आहे, पण एका अटीवर.

बाबा, तो न्हाणीत मुळीच बसवू नका. तुम्ही थंडीत दार-खिडकी लावून आंघोळ करता. बंद जागेत गॅस जळताना कार्बन मोनॉक्साइड साचतो. त्याला वास नाही, रंग नाही, आणि माणूस काही कळायच्या आत बेशुद्ध पडतो. गीझर मागच्या उघड्या पडवीच्या भिंतीवर टांगावा आणि तिथून फक्त गरम पाण्याचा पाइप आत न्यावा. मिस्त्री पाइप वाचवण्यासाठी काहीही म्हणाला तरी यात माघार घेऊ नये.

दाबाचेही पाहावे लागेल. १० मीटर उंचीवरच्या पाण्याचा दाब साधारण १ बार असतो. आपली टाकी नळापासून तीनच मीटर वर आहे, म्हणजे मिळणारा दाब ०.३ बार. तेव्हा कमी दाबावर पेटणारेच मॉडेल मागावे. गीझर पूर्ण तापमानावर ठेवून वरून थंड पाणी मिसळण्यापेक्षा तो ४०-४२ अंशांवरच लावावा. पाणी जितके कमी तापेल तितके कवच कमी धरेल. वर्षातून एकदा लिंबाच्या फुलाचे (सायट्रिक ॲसिडचे) पाणी मिस्त्रीकडून त्या नळीतून फिरवून घ्यावे.

मी दिवाळीत येते आहे. आडाचे आणि बोअरचे पाणी दोन स्वच्छ बाटल्यांत वेगवेगळे भरून, नावे लिहून ठेवावे. बेळगावात तपासून घेऊ. पिण्याच्या पाण्याच्या मानकात एकूण कठीणपणाची, म्हणजे पाण्याच्या जडपणाची, स्वीकार्य मर्यादा लिटरला २०० मिलिग्रॅम आहे, त्या मानाने आपले पाणी कुठे बसते ते पाहू आणि मगच पैसे भरू. तोवर जळण फोडायला गडी बोलवावा, पैसे मी पाठवते.

तुमची लेक