निवाडा वाचायला शिकवणाऱ्या अण्णांस

आदरणीय अण्णांस,

साष्टांग नमस्कार.

भूसंपादनाच्या मोबदल्याचे वाद ऐकणाऱ्या प्राधिकरणाच्या, आमच्या प्रकरणातील निकालाची नक्कल गेल्या आठवड्यात हाती आली. ती वाचून होताच वडिलांनी प्रथम आपले नाव काढले आणि मला पत्र लिहायला बसवले. हे पत्र उघडपणे लिहीत आहे, कारण आमच्याच अधिसूचनेत ज्यांच्या जमिनी गेल्या त्यांना यातील काही गोष्टी अजूनही उपयोगी पडण्यासारख्या आहेत.

कालव्यासाठी आमची 54 आर, म्हणजे 0.54 हेक्टर, जमीन संपादित झाली. मोबदला ठरवणारा जिल्हाधिकाऱ्यांचा निवाडा आला त्या दिवशी आम्ही घरातल्या सर्वांनी फक्त शेवटचा आकडा पाहिला. दुय्यम निबंधक कार्यालयात उभी हयात काढलेल्या आपण मात्र चष्मा पुसत एवढेच विचारले, ‘‘खरेदीखतांची यादी कुठे आहे?’’ यादी मागच्या पानांवर होती. अधिसूचनेच्या आधीच्या तीन वर्षांत नोंदलेले तशाच प्रकारच्या जमिनींचे चौदा व्यवहार त्यात होते आणि चौदाही व्यवहारांची सरासरी काढून हेक्टरी 31 लाख रुपये दर धरला होता. 2013 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 26 प्रमाणे सरासरी सगळ्या व्यवहारांची नव्हे, तर त्यांतील अधिक किमतीच्या निम्म्या व्यवहारांची काढायची असते, हे आपण आमच्या वहीत लाल पेनाने सात नोंदींखाली रेघ ओढून दाखवले. त्या सातांची सरासरी 38 लाख आली. मुद्रांक शुल्कासाठीचा मूल्यदर तक्त्यातील दर दोन्हींपेक्षा कमी होता, त्यामुळे सर्वाधिक दर हाच ठरत होता.

हेक्टरी सात लाखांचा फरक 54 आरला 3 लाख 78 हजार होतो. वडील म्हणाले, ‘‘एवढ्यासाठी कुठे भांडत बसायचे?’’ त्यावर आपण गणित पुढे नेले. आमच्या प्रकरणात ग्रामीण गुणक, म्हणजे बाजारमूल्याला ज्याने गुणायचे तो आकडा, 2 होता, म्हणून 7 लाख 56 हजार, आणि त्यावर 100 टक्के दिलासा रक्कम (जमीन सक्तीने गेल्याबद्दलची जादा भरपाई) धरली की 15 लाख 12 हजार. पायातला आकडा चुकला की चूक प्रत्येक टप्प्यावर दुप्पट होत जाते, हे आम्हाला त्या रात्री पहिल्यांदा कळले. बाजारमूल्यावर मिळणारे वार्षिक 12 टक्के यात धरलेलेच नव्हते.

आपण आमच्या मनासारखे बोललात असे मात्र नाही, आणि मला त्याबद्दलच अधिक आभार मानायचे आहेत. फाट्यावरच्या एका बिनशेती प्लॉटचा चढा दर आम्ही पुरावा म्हणून पुढे करणार होतो. ‘‘तुमची जमीन शेतीची, तो प्लॉट बिनशेतीचा, ही तुलना टिकणार नाही, उलट बाकीच्या खऱ्या मुद्द्यांवरचा विश्वास उडेल,’’ असे आपण स्पष्ट सांगितलेत. वडील दोन दिवस आपल्याशी धड बोलले नाहीत. आज तेच मान्य करतात की रास्त मोबदला म्हणजे आपल्याला हवा तो आकडा नव्हे, कागदावर सिद्ध होणारा आकडा.

विहिरीचे प्रकरण तर आम्ही सोडूनच दिले होते. मोजणी उन्हाळ्यात झाली, मोटार दुरुस्तीला गेलेली होती, आणि पंचनाम्यात ‘वापरात नसलेली विहीर’ अशी नोंद झाली. आपण गाव नमुना बारावरील (सातबाऱ्यातील पिकांच्या नोंदवहीतील) जलसिंचनाचा रकाना, लागोपाठच्या रब्बी पिकांच्या नोंदी आणि वीजबिले एकत्र लावायला सांगितली. बांधकाम व झाडांचे मूल्यांकन त्या त्या विषयाच्या जाणकाराकडून करून घेण्याची तरतूद कायद्यात आहे, हेही आपणच सांगितले. त्या कागदांवरच प्राधिकरणाने विहिरीची वाढीव रक्कम मान्य केली.

आणि ती सही! रक्कम स्वीकारताना पावतीवर ‘हरकत राखून स्वीकारत आहे’ असे लिहिल्याशिवाय सही करायची नाही, अशी आपली ताकीद होती. रांगेत उभ्या असलेल्या मला ते उगाच वाढवलेले काम वाटले होते. हरकत न नोंदवता पैसे घेतले असते, तर संदर्भ अर्जाचा, म्हणजे प्रकरण प्राधिकरणाकडे पाठवा असे मागण्याचा, हक्कच गेला असता, हे मला नंतर उमगले. निवाड्याच्या वेळी आम्ही हजर असल्याने अर्जाला सहाच आठवडे होते. आपण पाचव्या आठवड्यात तो दाखल करवून घेतलात आणि पोचपावतीची झेरॉक्स स्वतःकडे ठेवून घेतलीत, कारण आमच्यावर आपला तेवढा विश्वास नव्हता. तो योग्यच होता.

एकाच अधिसूचनेतील ज्या खातेदारांनी असा अर्ज केला नव्हता, त्यांना कलम 73 प्रमाणे प्राधिकरणाच्या निवाड्यापासून तीन महिन्यांत फेरनिर्धारणासाठी जिल्हाधिकाऱ्यांकडे लेखी अर्ज करता येतो. शेजारच्या दोन बांधांवरील मंडळी काल घरी येऊन गेली. त्यांना लाल रेघांच्या पानाची प्रत काढून दिली आहे. मूळ वही मात्र वडील द्यायला तयार नाहीत. ती परत हवी असल्यास आपणच येऊन त्यांच्याकडे मागावी.

आपला कृतज्ञ,
कालव्याकाठचा एक खातेदार