ब्लॅक पँथर म्हणजे आपला बिबट्याच

संपादक महोदय, स.न.वि.वि.

परवा आपल्या पेपरात काळ्या बिबट्याचा फोटो आला, फोटो एकदम झकास, पण खाली लिहिलंय 'ब्लॅक पँथर ही दुर्मिळ प्रजाती', ते वाचून काही राहवलं नाही म्हणून हे पत्र. अहो वेगळी प्रजाती वगैरे काही नाही, बिबट्याच तो, फक्त रंगाने काळा. आमच्या तळकोकणात म्हातारी माणसं ठिपक्यांचा असो की काळा, सरसकट वाघच म्हणतात, निदान दोघांना एकच समजतात तरी (राग नसावा).

हा रंग जीनचा खेळ. आई आणि बाप दोघांकडून तो जीन आला तरच पिल्लू काळं, म्हणून एकाच वेतात एक पिवळं एक काळं अशी सख्खी भावंडंही निघतात. दक्षिण अमेरिकेतल्या जॅग्वारचं (बिबट्यासारखंच ठिपक्यांचं मोठं मांजर) उलटं, तिथे एकाकडून आला तरी पुरतो.

आणि खरी गंमत जंगलाची आहे. जगात साधारण 11 टक्के बिबटे काळे, पण सगळीकडे सारखे नाहीत, धो धो पावसाच्या दाट रानात जिथे दिवसाही खाली उजेड पोचत नाही तिथे जास्त. म्हणून आपला सह्याद्री, कर्नाटकात दांडेली, काबिनी. ताडोब्यात 2018 ला दिसला तेव्हा एवढा गाजावाजा झाला कारण ते रान त्या मानाने कोरडं. मलेशियात तर जवळजवळ सगळेच काळे! तिथे मोजायची पंचाईत झाली, कारण बिबटे मोजतात ठिपक्यांच्या नक्षीवरून आणि हे सगळे काळेकुळकुळीत. मग अभ्यासकांनी कॅमेरा ट्रॅपचा (जनावर समोर आलं की आपोआप फोटो काढणारा जंगलातला कॅमेरा) उजेड ओळखणारा लाईट सेन्सरच झाकून टाकला, कॅमेऱ्याला वाटलं रात्र झाली, तो दिवसाढवळ्या रात्रीचा, डोळ्यांना न दिसणारा इन्फ्रारेड फ्लॅश मारायला लागला आणि त्यात काळ्या अंगावरचे ठिपके लख्ख उमटले. काय डोकं आहे!

अंधारात लपायला काळा रंग बरा, हे पटतंच. पण बिबट्याच्या कानामागे पांढरा ठिपका असतो, एकमेकांना खुणावायला तो कामी येतो असं मानतात, काळ्याचा तोही जातो, म्हणजे फायदा काही फुकटचा नाही.

तर पुढच्या वेळी सरळ 'काळा बिबट्या' छापा, आणि फोटो कडक उन्हातला मिळाला तर तोच घ्या, साध्या कॅमेऱ्यातही ठिपके दिसतात.

आपला नेहमीचा वाचक,
दोडामार्ग