कटलफिश माशांच्या रांगेत नको

मा. संपादक,

परवा मुलांच्या पुरवणीत समुद्री जिवांचं पान आलं, चित्रं खरंच झकास होती, पण कटलफिश थेट सुरमई-पापलेटच्या रांगेत माशांमध्ये टाकलीय ते बघून राहवलं नाही म्हणून लिहितोय. दहावीला प्राण्यांचं वर्गीकरण आहे, तिथं मृदुकाय संघ (मऊ अंगाच्या प्राण्यांचा गट) येतो, कटलफिश त्यातली, आणि मुलं अशी कात्रणं वहीत चिकटवतात, म्हणून हे दुरुस्त व्हायलाच पाहिजे.

माशाला पाठीचा कणा असतो, कटलफिशला नाही. तिची खरी भावकी म्हणजे गोगलगाय, शिंपले, ऑक्टोपस आणि कोकणात ज्याला माकूल म्हणतात तो स्क्विड. आपण सांगलीकर समुद्रापासून लांब, पण हरिपूरला संगमावर वाळूत शिंपल्या सापडतात आणि पावसाळ्यात सोयाबीनची कोवळी रोपं फस्त करणाऱ्या गोगलगायी तर शेतकऱ्याला सांगायलाच नकोत, हे सगळे एकाच संघातले. गोगलगाय ज्या खरखरीत दातेरी जिभेनं पान खरवडते तशीच जीभ कटलफिशच्या तोंडातही असते. दोघींच्या रक्तात लोहाऐवजी तांबं असलेलं द्रव्य ऑक्सिजन वाहून नेतं म्हणून रक्ताला निळसर झाक असते. फरक एवढाच की गोगलगाय ज्या पायावर सरपटते त्या भागापासून कटलफिशकडं आठ हात, भक्ष्यावर झेप घेणारे दोन लांब शुंडक आणि पाणी फेकायची नळी झालीय. हृदयं तीन, त्यातली दोन फक्त कल्ल्यांना रक्त पुरवतात.

आता कवच कुठं गेलं म्हणाल तर ते आत गेलंय. पक्ष्यांच्या दुकानात लव्हबर्डच्या पिंजऱ्याला जो पांढरा लांबुळका तुकडा अडकवतात, आयुर्वेदात समुद्रफेन म्हणून जो वापरतात, तेच हे कवच. चुन्याचं असतं, म्हणून पक्ष्यांना कॅल्शियम मिळतं. आडवं मोडून भिंगातून बघा, पातळ पातळ थर आणि मध्ये बारीक खांब उभे असलेले कप्पे दिसतील, या कप्प्यांतलं पाणी कमी-जास्त करून कटलफिश पाण्यात हवी त्या खोलीवर तरंगते. माशाची हवेची पिशवी जे काम करते ते हिनं शंख-शिंपल्यांच्या घराण्यातून आलेल्या कवचाकडून करून घेतलंय, मला तरी यात सगळ्यात जास्त गंमत वाटते. ऑक्टोपसचं कवच जवळजवळ संपलंच आणि त्यांच्याच नात्यातल्या नॉटिलस या समुद्री जिवानं ते बाहेरच ठेवलं.

आणि हो, देवघरातला शाळिग्राम! गंडकी नदीतल्या त्या काळ्या दगडात जी चक्रं दिसतात ती अमोनाइटची, म्हणजे साधारण 6.6 कोटी वर्षांपूर्वी संपलेल्या शीर्षपादांची, कटलफिशच्याच वर्गातली. श्रद्धा आपल्या जागी राहतेच, पण मुलांना हे कळलं तर किती आनंद होईल.

हुशारीचं तर विचारूच नका. 2021 साली छापून आलेल्या एका प्रयोगात कटलफिशनी समोरचा साधा खाऊ सोडून आवडती जिवंत कोळंबी मिळेपर्यंत वाट बघितली, काहींनी 2 मिनिटांहून जास्त. रंग क्षणात बदलतात, तेही डोळ्यांत प्रकाश टिपणारी पेशी एकाच प्रकारची, म्हणजे स्वतःला बहुधा रंग ओळखता येत नसताना! गोगलगायीच्या नात्यातला हा जीव एवढा हुशार, ही गोष्ट त्या पानात यायला पाहिजे होती.

तेव्हा विनंती अशी की पुढच्या अंकात दुरुस्ती छापावी, नुसती कोपऱ्यात बारीक अक्षरात नको, तर मृदुकायांचं पूर्ण पान करावं, त्यात गोगलगाय, नदीतली शिंपली, माकूल, ऑक्टोपस, नॉटिलस आणि कटलफिश एकत्र असावेत आणि समुद्रफेनाचा कापलेला मोठा फोटो द्यावा.

- एक वाचक, सांगली