मुख्याध्यापक निवडायचा हक्क आहे, तर निवडा तरी

मा. संपादक,
स.न.वि.वि.

अल्पसंख्याक शाळेत मुख्याध्यापक कुणी आणि कसा नेमायचा यावर आमच्या खेड-दापोली-मंडणगड भागात दोन टोकाची मतं ऐकू येतात. एक म्हणतात संस्थाचालकांची मनमानी आहे, दुसरे म्हणतात आमचा हक्क आहे, विचारणारे तुम्ही कोण. मी अनुदानित उर्दू हायस्कूलात शिकवून रिटायर झालोय त्यामुळे दोन्ही बाजू जवळून बघितल्यात, आणि मला वाटतं खरा प्रश्न तिसराच आहे.

हक्क आहे, यात वादच नाही. घटनेच्या कलम ३० मध्ये धार्मिक आणि भाषिक अल्पसंख्याकांना शाळा काढायचा आणि चालवायचा अधिकार दिलाय, आणि शाळा चालवायची म्हटलं की मुख्याध्यापक निवडणं त्यात आलंच. केरळातल्या एमजे हायस्कूलच्या केसमध्ये सर्वात सिनियर शिक्षक कोर्टात गेले होते, तेव्हा १९९८ साली सुप्रीम कोर्टाने स्पष्ट सांगितलं की पात्रता असलेला माणूस संस्था निवडू शकते, सेवाज्येष्ठता यादीतला पहिलाच घेतला पाहिजे असं बंधन नाही. मग लोक म्हणतात अहो पण पगार सरकार देतं ना! तर २००६ च्या मलंकारा कॉलेजच्या निकालात तेही आलंय, अनुदान घेतलं म्हणून प्रमुख निवडायचा हक्क जात नाही. आणि एवढं लांब कशाला, आपल्या महाराष्ट्राच्याच १९७७ च्या खासगी शाळा कर्मचारी कायद्यात कलम ३ मध्ये लिहिलंय की अल्पसंख्याक शाळेचा मुख्याध्यापक आणि संस्थेने नावं कळवलेले आणखी जास्तीत जास्त तीन जण यांच्या भरतीला हा कायदा लागू नाही.

एवढं असूनही मुख्याध्यापक मान्यतेचा प्रस्ताव गेला की शिक्षणाधिकारी ऑफिसातून पहिला प्रश्न येतो, ज्येष्ठ शिक्षकाचं नकारपत्र, म्हणजे मला हे पद नको असं लिहून दिलेलं, कुठंय? ज्या शाळेला ज्येष्ठतेचा नियमच लागत नाही तिथे नकारपत्र कशासाठी मागता? पण संस्थेतल्या कुणाला कलम माहीत नसतं, मग त्या बिचाऱ्या शिक्षकाच्या घरी जाऊन सहीसाठी गळ घालायची, तो दुखावतो, सही देत नाही, आणि फाइल पडून राहते.

हा हक्क फक्त आम्हा मुसलमानांचा किंवा वसईच्या, सावंतवाडीच्या ख्रिश्चन संस्थांचा आहे असं समजणाऱ्यांनी जरा कारवार-बेळगावकडे बघावं. २००२ मध्ये टी.एम.ए. पै केसमध्ये ११ न्यायमूर्तींनी ठरवलं की अल्पसंख्याक कोण ते राज्याराज्याप्रमाणे बघायचं, म्हणजे कर्नाटकात मराठी माणूस भाषिक अल्पसंख्याक, आणि तिथल्या खासगी मराठी शाळेला मराठी मुलांची काळजी असलेला हेडमास्तर निवडता येतो तो याच कलमामुळे. इथे या हक्कावर नाक मुरडताना हे लक्षात ठेवा.

आता आमच्या संस्थाचालकांना सांगायचंय. तुम्ही हक्काची भाषणं करता पण हक्क वापरत नाही. शिक्षक ५८ व्या वर्षी रिटायर होणार, तारीख सर्व्हिस बुकात पहिल्या दिवसापासून लिहिलेली, तरी त्या दिवशी संध्याकाळी निरोप समारंभ आणि दुसऱ्या दिवशी कुणाला तरी चार्ज, की झाला प्रभारी! आणि तो प्रभारी वर्षानुवर्षं प्रभारीच. पगारबिलावर सही त्याची, बोर्डाचे फॉर्म त्याचे, यू-डायसची म्हणजे शाळेची ऑनलाइन सरकारी माहिती त्याने भरायची, संचमान्यतेत म्हणजे पटावरून शिक्षकांची पदं ठरवताना पद गेलं तर उत्तर त्यानेच द्यायचं, वर स्वतःचे तास घ्यायचेच. पण उशिरा येणाऱ्या सहकाऱ्याला तो बोलू शकत नाही कारण उद्या चार्ज काढला की त्याच्याच शेजारी बसायचंय. पालक इंग्लिश मिडियमच्या बसमध्ये मुलं बसवतायत, पट घसरतोय, अशा वेळी शाळेला ठाम माणूस हवा, आणि कमिटीला मात्र प्रभारी सोयीचा वाटतो कारण तो कमिटीसमोर तोंड उघडत नाही. मला याचा मनापासून राग येतो. या शाळा गावच्या जमातीने, म्हणजे मुस्लिम समाजाने उभ्या केल्यात, जहाजावर आणि आखातात राबलेल्या लोकांच्या पैशातून, चार पदाधिकाऱ्यांच्या सोयीसाठी नाही.

नाखवा, म्हणजे होडीचा मालक, होडी चालवणारा तांडेल निवडतो तेव्हा सर्वात जुना खलाशी कोण ते बघत नाही हे खरं, पण अध्यक्षाचा पुतण्या कोण तेही बघत नाही, वारं-पाणी कुणाला कळतं ते बघतो. ज्येष्ठाला डावलायचं असेल तर खुशाल डावला, कायदा आहे, पण अर्ज मागवा, मुलाखत घ्या, पात्रता आणि अनुभव तपासा, आणि ठरावात कारण लिहा. तीस वर्षं खडू झिजवलेल्या माणसाला आपल्याला का घेतलं नाही हे बाजारात दुसऱ्याकडून कळावं, यापेक्षा मोठा अपमान नाही. मग तो शाळा न्यायाधिकरणात जातो, तिथून हायकोर्टात, आता तर आपल्या जिल्ह्यासाठी कोल्हापूरचं सर्किट बेंचही झालंय, आणि दोन्हीकडचे पैसे वकिलात जातात.

शिवाय हक्क अमर्याद आहे या भ्रमात राहू नका. शिक्षक निवडीचं काम आयोगाकडे देणारा पश्चिम बंगालचा २००८ चा मदरसा सेवा आयोग कायदा सुप्रीम कोर्टाने जानेवारी २०२० मध्ये वैध ठरवलाय. आपल्या निवडीत पारदर्शकता नसेल तर असा आयोग इथेही आणा अशी मागणी उद्या आपलेच शिक्षक करतील आणि त्यांना दोष देता येणार नाही.

शिक्षणाधिकारी कार्यालयाला विनंती एवढीच की अल्पसंख्याक शाळांचे मुख्याध्यापक मान्यतेचे अडकलेले प्रस्ताव एकदा तालुक्याच्या ठिकाणी कॅम्प लावून निकाली काढा, त्रुटी असेल तर कलम नमूद करून लेखी कळवा, तोंडी 'बघू' नको. आणि ज्या संस्थांचे मुख्याध्यापक येत्या मे-जूनमध्ये रिटायर होतायत त्यांनी जाहिरात दिवाळीआधी द्यावी.

एक निवृत्त शिक्षक,
ता. खेड, जि. रत्नागिरी